मागे उरतं त्याचा नंबर

मारुती बनसोडे माणसाला पायापासून वर वाचायचे. दवाखान्यासमोरच्या हॉटेलच्या बाकावर बशीतला चहा पिताना रस्त्यानं कोणी लंगडत गेलं की त्यांची बशी ओठाशी थांबायची. "मांडीचं हाड, आखूड जुळलेलं. नऊशे पाच," असं म्हणून ते चहा पुरा करायचे. एकदा मी उठून त्या लंगडणाऱ्या माणसाला गाठलं आणि विचारून आलो. त्याचा पाय जन्मापासून तसाच होता. बनसोडे खजील होतील असं मला वाटलं होतं. ते खूश झाले.

"मग सातशे पंचावन्न. पानच वेगळं," ते म्हणाले. "बघा, न विचारता लिहिलं असतं तर बिचाऱ्याला फुकटचा अपघात झाला असता."

ते आमच्या गावच्या सरकारी दवाखान्यात रेकॉर्ड क्लार्क होते. मी एका दैनिकाचा जिल्हा वार्ताहर होतो. रोज सकाळी दहाला दवाखान्यात जाऊन आदल्या दिवशीचे अपघात उतरवून घ्यायचे, हा माझ्या कामाचा भाग होता. त्यामुळे जवळजवळ बारा वर्षं आमची रोजची गाठ पडायची. मला ते नावानं कधी हाक मारत नसत. "या, वार्ताहर," म्हणत. त्यात थोडा मान होता आणि बरीचशी टवाळी.

त्यांचं काम थोडक्यात असं. दवाखान्यातून घरी गेलेल्या प्रत्येक रुग्णाचा केसपेपर त्यांच्या टेबलावर यायचा. डॉक्टरांनी लिहिलेला रोग वाचायचा, जाडजूड इंग्रजी पुस्तकातून त्या रोगाचा नंबर शोधायचा आणि तो रजिस्टरात भरायचा. महिनाअखेरीला नंबरांचं पत्रक वर पाठवायचं. जगातल्या सगळ्या रोगांना आणि सगळ्या जखमांना त्या पुस्तकात नंबर होते. पुस्तकाचे दोन भाग होते. बनसोडे ते धुतलेल्या पंच्यात बांधून ठेवत आणि उघडण्याआधी हात पुसत.

रेकॉर्डची खोली निजामाच्या काळातली, दगडी, एका खिडकीची. भिंतीला लाकडी मांडण्या, मांडण्यांवर लाल कापडात बांधलेले बस्ते, बस्त्यांत वर्षावर्षांचे केसपेपर. उन्हाळ्यात तिथं बसवत नसे. बनसोडे सदऱ्याची वरची गुंडीही न काढता बसत. छप्पन साली त्यांच्या घरानं बौद्ध धर्म घेतला तेव्हा ते शाळेत होते. मॅट्रिक झालेले त्यांच्या वस्तीतले ते पहिले. स्वच्छ सदरा, धार लावलेल्या तीन पेन्सिली आणि वेळेवर हजेरी, या तीन गोष्टींत त्यांना कोणी बोट दाखवू शकलं नाही.

पेन्सिलींना कारण होतं. कुठलाही नंबर ते आधी पेन्सिलीनं लिहीत आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा केसपेपर वाचून मगच शाईनं गिरवत. "नंबराला एक रात्र झोपू द्यावं. सकाळी तो खरं बोलतो," असं म्हणत. हेडक्लार्कला हा वेळेचा अपव्यय वाटे. बनसोड्यांनी त्याचं कधी ऐकलं नाही. एकदा ऐकलं, आणि मला सांगायचं आहे ते त्या एकदाचंच.

त्याआधी पुस्तकाची गोष्ट सांगायला हवी. बहात्तरच्या दुष्काळानंतर जिल्ह्यात दोन गोष्टी वाढल्या, सहकारी संघ आणि ट्रक. साखर, खत, सरकी, दूध, सगळं ट्रकांतून हलायला लागलं. रस्ते मात्र एकाच गाडीच्या रुंदीचे राहिले. समोरासमोर दोन ट्रक आले की एकाला साइडपट्टीवर उतरावं लागे आणि कोणीच उतरायला तयार नसे. माझ्या बातम्या ठरलेल्या असत. ट्रक उलटून एक ठार, दोन जखमी. तीन ओळी.

पुस्तकाची नवी आवृत्ती आली तेव्हा बनसोड्यांना शिकायला पुण्याला पाठवलं होतं. परत आल्याच्या दुसऱ्याच दिवशी भर दुपारी ते पुस्तक काखोटीला मारून बोडक्या डोक्यानं हॉटेलात आले. मी त्यांना पळताना तेव्हा पहिल्यांदा पाहिलं.

"वार्ताहर, तुमचे ते दोन जखमी," ते धापा टाकत म्हणाले. "त्यांचं पुढं काय होतं?"

"घरी जातात."

"आणि?"

त्यांनी बाकावर पंचा पसरला, त्यावर पुस्तक उघडलं आणि एका पानावर बोट ठेवलं. "ह्यांनी मागं उरलेल्यालाही नंबर दिलाय. हाड मोडलं त्याचा वेगळा. मोडलेलं हाड जुळून दहा वर्षांनी जे उरतं, त्याचा वेगळा. कुणीतरी कुठंतरी बसून ह्याचा विचार केलाय, वार्ताहर."

मग त्यांनी मला तो नियम समजावला. अशा माणसाला तीन नंबर लागतात. पहिला आज काय दुखतंय त्याचा. दुसरा ते कशातून आलं त्याचा. तिसरा ते कसं घडलं त्याचा. "पहिला आजचा, दुसरा कालचा, तिसरा रस्त्याचा," ते म्हणाले. हॉटेलवाल्यानं बशी पुढं सरकवली तरी त्यांचं लक्ष नव्हतं. त्या दिवसापासून ते एक वाक्य नेहमी म्हणायला लागले. अपघात संपत नसतो, तो मुक्काम बदलतो. आधी हाडात राहतो, मग नसेत जातो, मग घरात.

पुढचे काही महिने त्यांनी जुन्या ड्रायव्हरांचे कागद गोळा केले. पाठीच्या तक्रारीचा कागद आला की ते डॉक्टरांना जाऊन विचारत, हा गाडी चालवतो का, पूर्वी पडला होता का. डॉक्टर वैतागत आणि उत्तरही देत. एक गोष्ट मात्र त्यांनी पाळली. ते रुग्णाला भेटत नसत. "माणूस बघितला की नंबर हलतो. मी कागद बघतो," असं म्हणत. रस्त्यावरच्या अनोळखी माणसांना वाचायचे, पण वॉर्डात पाऊल टाकत नसत.

पावसानं दडी मारलेली होती. ऑगस्ट असून रस्त्यावर धूळ उडत होती. एका गुरुवारी मी रेकॉर्डच्या खोलीत होतो. दारात एक बाई येऊन उभी राहिली. चाळिशीची, कासोटा घातलेली, तेरजवळच्या एका गावाहून पहिल्या बसनं आलेली. तिचं नाव गयाबाई. हातात घडी घातलेला कागद होता.

"बनसोडे कोण हाय इथं?"

"मी."

"तुमी डाक्टर हाव का?"

"न्हाय."

"मग माझ्या मालकाला महारोग हाय हे तुमाला कसं कळलं?"

बनसोड्यांनी कागद घेतला. तो त्यांनीच दिलेला नोंदीचा उतारा होता. वाशीच्या बाजूच्या एका सहकारी संघानं आपल्या ड्रायव्हरच्या दुखण्याची नोंद मागितली होती. रजिस्टरात नंबर होता तीस. तीस म्हणजे महारोग. त्यांनी तसं लिहून खाली सही केली होती. ड्रायव्हरचं नाव निवृत्ती.

"सही तुमचीच हाय ना? शाळेच्या मास्तरनं वाचून दावली," गयाबाई म्हणाली.

"माझीच."

"मग ऐका. त्या कागदापायी त्याच्या हातातली गाडीची चावी काढून घेतली. गावात हापशाला हात लावू देत न्हाईत. मालक रानात खोपीत निजतो. माझी सासू, सख्खी आई त्याची, ताटली लांबनं सरकवती. म्या त्याच्याच ताटात जेवते. बघा म्हणलं, होऊ द्या मला बी काय व्हायचं ते."

ती रडत नव्हती. तक्रारही करत नव्हती. हिशेब मागायला आल्यासारखी दारात उभी होती. सोमवारी संघाच्या संचालकांची बैठक होती. चेअरमननं तिला सांगितलं होतं की हात गाडीवर गेला असेल तर निवृत्तीला गोदामाच्या गेटवर बसवू, रोगानं गेला असेल तर इलाज नाही.

बनसोड्यांनी निवृत्तीचा केसपेपर काढला. उजव्या हाताची करंगळी आणि तिच्या शेजारचं बोट वाकलेलं, तिथं बधिरपणा. खाली डॉक्टरांनी लिहिलं होतं, महारोगाचा संशय, पुढे तपासणी व्हावी. बनसोड्यांनी रजिस्टर उघडलं. त्या छापील रजिस्टरात रोगाला रकाना होता, संशयाला नव्हता. नंबर थेट शाईत होता. तारीख महिन्याची शेवटची. त्या दिवशी पत्रक जायचं होतं आणि हेडक्लार्क दारात उभा होता. तो नंबर झोपला नव्हता.

त्यांनी त्या आकड्यावर बोट ठेवलं. मग त्यांनी विचारलं, "बाई, त्यांच्या हाताला पूर्वी कधी मार लागला होता?"

"लागला व्हता का म्हणून काय इचारता? कोपर चेंदामेंदा झालतं. मिलोच्या साली. येडशी टेसनावरनं संघाच्या गाडीत मिलोची पोती आणायचा. खिडकीत कोपर टाकून गाडी चालवायची सवय मेल्याला. समोरनं ट्रक आला, घासून गेला. ह्याच दवाखान्यात आणलं व्हतं."

बनसोड्यांनी स्वतःची बाही वर सारली, कोपर टेबलावर ठेवलं आणि आतल्या बाजूच्या खोबणीतून बोट फिरवत करंगळीपर्यंत नेलं. "ही नस," ते मला म्हणाले. "हाड वाकडं जुळलं की ती रोज थोडी थोडी ताणते. दहा वर्षं." त्यांचा आवाज बदलला होता. पुण्याहून पुस्तक आणल्याच्या दिवशी होता तसा. "तीनशे चोपन्न. नऊशे पाच. ई नऊशे एकोणतीस. वार्ताहर, आजचा, कालचा, रस्त्याचा, हे तीन नंबर आहेत. आणि मी एक लिहिला. तोही दुसऱ्याचा."

तो केसपेपर लिहिणारे डॉक्टर दुपारी रिकामे झाले तेव्हा बनसोड्यांनी त्यांना गाठलं. डॉक्टर तरुण आणि सरळ होते. त्यांनी ऐकून घेतलं. "कोपर वाकडं आहे हे मीही पाहिलं," ते म्हणाले. "पण त्या रोगातही नेमकी हीच नस जाते, म्हणून संशय लिहिला. तुम्ही मला जुना कागद दाखवा. हाड कुठं मोडलं होतं आणि तेव्हा बोटं चांगली होती का, एवढंच मला हवंय. मग मी आजच्या आज लिहून देतो."

गुरुवारचे तीन वाजले होते. सोमवारपर्यंत कागद शोधायचा होता.

मिलोचं साल, म्हणजे दुष्काळात परदेशातून आलेली लाल ज्वारी खाल्ली ते, हे गयाबाईचं कॅलेंडर. त्या एका वर्षाचे बस्ते मोजून मांडणीभर होते. तारीख कळली तरच काम होणार होतं. बनसोडे माझ्याकडं वळले. "तुमच्याकडं असेल की. तुम्ही तर रोज लिहिता."

मी घरी जाऊन माझ्या कात्रणांच्या वह्या काढल्या. तासाभरात बातमी सापडली. तीनच ओळी. येडशीजवळ दोन ट्रक एकमेकांना घासले, एका ट्रकचा चालक किरकोळ जखमी. बातमी माझी होती. मी वही घेऊन परत गेलो. बनसोड्यांनी आधी तारीख उतरवून घेतली. मग ओळ पुन्हा वाचली.

"कोपराचा चेंदामेंदा म्हणजे किरकोळ का हो, वार्ताहर?"

"पोलिसांनी तसं सांगितलं होतं."

"तुम्ही बघितलं होतं?"

"नाही."

"मीही न्हाय बघितलं," ते म्हणाले आणि बस्ता सोडायला उठले. त्यानंतर मी नोकरीत होतो तोवर किरकोळ हा शब्द एकाही बातमीत लिहिला नाही.

शुक्रवार सगळा त्यात गेला. त्या तारखेच्या रजिस्टरात निवृत्ती नव्हता. आदल्या दिवशी नव्हता, दुसऱ्या दिवशीही नव्हता. बनसोडे प्रत्येक नावावर पेन्सिलीचं टोक टेकवत पुढं जात. घाम रजिस्टरावर पडू नये म्हणून त्यांनी कपाळाला रुमाल बांधला होता. आठवडाभराची पानं झाली, मग महिन्याची. गयाबाई गावी गेली नाही. इथल्याच एका नातेवाइकाकडं राहिली आणि सकाळी दवाखाना उघडायच्या आधी पायरीवर हजर. वाचता येत नव्हतं, पण नुसतं बसवतही नव्हतं. तिनं पदर खोचला आणि बस्ते झटकायला घेतले. खोलीचा शिपाई रहीमचाचा, रिटायर व्हायला दोन वर्षं उरलेला म्हातारा, तिच्यावर खेकसला. "बाई, हात नको लावू. सरकारी कागद हाय."

"सरकारी धूळ तरी झाडू द्या," ती म्हणाली. रहीमचाचानं तिला झाडणी आणून दिली.

शनिवारी अकरापर्यंत दोन वर्षांची रजिस्टरं उलटून झाली होती. एकला दवाखान्याचं कार्यालय बंद होणार होतं. रहीमचाचा चहा घेऊन आला आणि कोणाला शोधताय म्हणून त्यानं तेव्हा पहिल्यांदा विचारलं. दोन दिवस तो आमच्या अंगावरून ये-जा करत होता आणि आम्ही त्याला काही सांगितलं नव्हतं.

"निवृत्ती नावाचा ड्रायव्हर. मिलोच्या साली कोपर फुटून आला होता," बनसोडे म्हणाले.

"होश में आया था क्या?"

"म्हणजे?"

"बेहोश आदमी नाव कैसा बोलेगा साहेब?" रहीमचाचा चहा ओतत म्हणाला. "तेव्हा मी अपघाताच्या खोलीत होतो. रोज दोन-दोन ड्रायव्हर. आणणारे लोक बी रस्त्यावरचे, त्यांना नाव ठाऊक नाय. मग आम्ही गाडीच्या कपाळावरचं नाव लिहायचो. नंतर कोण बदलतो?"

बनसोड्यांनी बशी खाली ठेवली. ते दाराशी गेले. "बाई, गाडीचं नाव काय होतं?"

गयाबाईनं झाडणी थांबवली. "तेरणामाई. अजून बी तीच हाय. रंग नवा दिलाय."

मला त्यांचं पुढचं हालणं अजून दिसतं. ते धावले नाहीत. पेन्सिल कानाला लावली, हात पुसले, त्या तारखेचं रजिस्टर पुन्हा घेतलं आणि बोट वरून खाली आणलं. बोट थांबलं. तेरणामाई ड्रायव्हर, पुरुष, अंदाजे तीस. आदल्या दिवशी आम्ही दोघांनीही ती ओळ वाचली होती, पहिलं नाव बघूनच कुणा बाईची म्हणून सोडून दिली होती. नोंदीच्या क्रमांकावरून बस्ता सापडायला दहा मिनिटं लागली. बनसोड्यांनी गाठ दातांनी सोडली.

कागद पिवळा पडला होता, कडा वाळवीनं खाल्ल्या होत्या, मधला मजकूर शाबूत होता. त्या वेळच्या डॉक्टरांनी इंग्रजीत लिहिलं होतं. बनसोड्यांनी मराठीत मोठ्यानं वाचलं. उजवं कोपर, बाहेरच्या बाजूचं हाड मोडलेलं. प्लास्टर घातलं. दुसऱ्या दिवशी शुद्धीवर. सगळी बोटं हलतात, स्पर्श कळतो.

"सगळी बोटं हलतात," त्यांनी पुन्हा वाचलं. मग तिसऱ्यांदा. माझा दंड त्यांनी इतका घट्ट धरला होता की संध्याकाळपर्यंत दुखत राहिला.

"काय लिवलंय?" गयाबाईनं विचारलं.

"तुमच्या मालकाची बोटं तेव्हा हलत होती असं लिहिलंय."

"ते मला ठावं हाय. शुद्धीवर आल्या आल्या त्याच हातानं बिडी मागितली व्हती."

कागद रेकॉर्ड क्लार्कच्या हातातून दुसऱ्याच्या हातात द्यायचा नाही असा नियम होता. बनसोड्यांनी तो तिच्या हातात दिला आणि तिला घेऊन डॉक्टरांकडं गेले. एरवी ते बाहेरच्या व्हरांड्यानं जात, वॉर्डातून जाणारा रस्ता त्यांनी तेव्हा पहिल्यांदाच धरला.

डॉक्टरांनी शब्द पाळला. पण रजिस्टरातला जुना नंबर शाईचा होता, आणि पत्रक वर गेलेलं. हेडक्लार्क माणूस वाईट नव्हता. त्यानं बनसोड्यांना बाजूला घेतलं. "नव्या तपासणीनुसार नोंद बदलली, एवढंच लिहा. काम होतंय ना? स्वतःची चूक कशाला लिहिता? मेमो येईल. बढतीच्या यादीत नाव आहे तुमचं."

"नव्या तपासणीनुसार म्हटलं की जुनी नोंद जागेवर राहते," बनसोडे म्हणाले. "म्हणजे तेव्हा रोग होता आणि आता न्हाय. गाव म्हणेल, बरा झाला. झालाच नव्हता हे कुठं लिहायचं?"

"डॉक्टरांनी संशय लिहिला होता की."

"त्यांनी संशय लिहिला. रोग मी लिहिला."

एक वाजायला पाच मिनिटं असताना त्यांनी तीस या आकड्यावर एकच आडवी रेघ मारली, खालचा आकडा दिसत राहील अशी. शेजारी तीन नंबर लिहिले आणि शेऱ्यात लिहिलं, पूर्वीची नोंद माझ्या हातून चुकीची झाली, रुग्णास हा रोग नव्हता. खाली सही, पूर्ण नाव, तारीख. हे सगळं त्यांनी थेट शाईनं लिहिलं. मी विचारलं तेव्हा म्हणाले, "हा तीन दिवस झोपलाय."

सोमवारी त्यांनी रजा टाकली आणि नव्या नोंदीचा उतारा घेऊन एसटीनं संघाच्या बैठकीला गेले. मला बातमी म्हणून बैठकीला जायचंच होतं. गोदामाच्या आवारात लिंबाखाली एक उंच माणूस उभा होता, उजवा हात धोतराच्या सोग्यात लपवलेला. गयाबाई त्याच्या शेजारी. बनसोड्यांनी तिकडं पाहिलं नाही.

आत सात-आठ संचालक होते. चेअरमननं दोन्ही कागद शेजारी ठेवले. "बनसोडे, दोन्ही तुमच्याच सहीचे. ह्यातला खरा कुठला?"

"दुसरा."

"कशावरनं?"

"पहिला मी घाईत लिहिला. दुसऱ्याला तीन दिवस लागले."

एका संचालकानं खुर्ची मागं सरकवत विचारलं, "उद्या गेटवर त्याच्या हातनं पावती घ्यायची आमी. धोका न्हाय ना?"

"साहेब, रोग असता तरी त्याला गोळ्या आहेत आणि पावतीनं तो लागत न्हाय," बनसोडे म्हणाले. "पण ज्याचा रोग न्हाय त्याच्या अंगावर तो चिकटवायचा कुणाला हक्क न्हाय. मी चिकटवला. काढायला आलोय. चिकटवलेलं काढायला किती लागतं ते मला माहीत आहे."

बनसोडे कोणत्या वस्तीतून आले होते, हे तिथं बसलेल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. चेअरमननं ठराव सांगितला, सचिवानं लिहून घेतला. निवृत्तीला गेटवर घेतलं. ठरावात दुखण्याचं कारण लिहिलं होतं, संघाच्या कामावर झालेला अपघात.

बाहेर गयाबाईनं नवऱ्याचा हात सोग्यातून ओढून काढला आणि सगळ्यांसमोर तो धरून उभी राहिली. बनसोडे मागच्या दारानं थेट एसटीच्या थांब्यावर गेले होते. मी त्यांना गाठलं. भेटून जा, असं म्हणालो.

"काय म्हणून उभा राहू त्याच्यासमोर?" ते म्हणाले. बस आली, ते चढले.

मेमो आला. बढती दुसऱ्याला मिळाली. मेमोची घडी करून त्यांनी पुस्तकात नऊशे पाचच्या पानावर ठेवली, खूण म्हणून. कोणी विचारलं तर उघडून दाखवत. आणि दर महिन्याच्या कोऱ्या रजिस्टरात पट्टीनं एक रकाना आखत, पेन्सिलीनं. वर लिहीत, संशय. तो रकाना छापील नव्हता, वर जात नव्हता. ते रिटायर होईपर्यंत तो आखला जात राहिला.

ते रिटायर झाल्यावर काही वर्षांनी आम्ही एकदा बीडच्या बसमध्ये योगायोगानं एका बाकावर आलो. ते पुतणीच्या लग्नाला निघाले होते. केस पांढरे, सदऱ्याची वरची गुंडी तशीच लावलेली. येडशीच्या पुढं बस थांबली. संघाच्या गोदामातून ट्रक रस्त्यावर येत होते. गेटवर खाकी सदरा घातलेला उंच माणूस डाव्या हातातली शिट्टी वाजवून ट्रक बाहेर काढत होता. उजव्या हाताच्या वाकड्या बोटांत पावतीपुस्तक पक्कं बसलं होतं, बोटं मुद्दाम तेवढ्यासाठीच वाकवल्यासारखी. बाहेर येणाऱ्या दुसऱ्या ट्रकचा ड्रायव्हर खिडकीत कोपर टाकून बसला होता. शिट्टी पुन्हा वाजली. ड्रायव्हरनं कोपर आत घेतल्यावरच आडवा बांबू वर गेला.

मी बनसोड्यांकडं पाहिलं. ते नंबर सांगतील म्हणून थांबलो. त्यांनी सांगितला नाही. ते उठले, फळीवरची पिशवी काढली.

"काका, तिकीट बीडचं हाय. इथं कुठं निघालाव?" कंडक्टर म्हणाला.

"राहिलेलं तिकीट तुला," बनसोडे म्हणाले आणि उतरले.

बस सुरू झाली. मागच्या काचेतून धुळीत दोघं दिसत होते. बनसोड्यांनी काहीतरी सांगितलं असावं, कारण त्या माणसानं शिट्टी खाली केली आणि रामराम करत डावा हात पुढं केला. बनसोड्यांनी तो घेतला नाही. त्यांनी दोन्ही हात पुढं करून त्याचा उजवा हात धरला, पावतीपुस्तकासकट, आणि मान खाली घालून ती दोन बोटं बघत उभे राहिले. वळण आलं तोवर त्यांनी तो सोडला नव्हता.